दुकानात कमरेला पिस्तूल लावलेला माणूस दिसला, तर?

आपल्याकडे सामान्य माणसाला बंदूक जवळून दिसते ती बँकेच्या दारात, रखवालदाराच्या खांद्यावर. परवानाधारकालाही निवडणूक लागली की बहुतेकदा हत्यार पोलीस ठाण्यात जमा करावं लागतं. तिथून उठून टेक्सासच्या फ्रिस्कोला किंवा शुगर लँडला आलेला माणूस दूध आणायला दुकानात जातो आणि समोरच्या गिऱ्हाइकाच्या पट्ट्याला पिस्तूल लटकलेलं दिसतं. बाकी कोणी वळूनही बघत नाही. अशा वेळी काय करायचं, काय करायचं नाही, आणि दुकान तुमचंच असेल तर दारावर काय लावायचं, ते इथे क्रमाने सांगितलं आहे. शेवटचा व्हिसाचा भाग घाईत असाल तर आधी वाचा. बहुतेक नवख्यांचं खरं नुकसान तिथे होतं.

आधी चार शब्द

ओपन कॅरी म्हणजे बंदूक इतरांना दिसेल अशी बाळगणं. शर्टाखाली, जाकिटात किंवा पर्समध्ये लपवलेली असेल तर ती कन्सील्ड कॅरी. पिस्तूल आणि रिव्हॉल्व्हर यांना मिळून हँडगन म्हणतात, रायफल आणि शॉटगन म्हणजे लाँग गन. कायदा या दोन गटांना वेगळा लागू होतो. परवान्याशिवाय हँडगन बाळगता येते अशी आज 29 राज्यं आहेत, पण वयाच्या आणि इतर अटी प्रत्येकीच्या निराळ्या.

पहिली पायरी: आपलं राज्य कोणतं ते बघा

1791 ची दुसरी घटनादुरुस्ती सगळ्यांना ऐकून माहीत असते. 2008 च्या हेलर निकालात सर्वोच्च न्यायालयाने घरात बंदूक ठेवणं हा व्यक्तीचा हक्क मानला, 2022 च्या ब्रुएन निकालात तो हक्क घराबाहेरही नेला. पण हा हक्क सरकारविरुद्ध आहे, दुकानदाराविरुद्ध नाही. खासगी जागेचा मालक 'माझ्या दुकानात बंदूक नको' म्हणू शकतो आणि तिथे दुसरी घटनादुरुस्ती आड येत नाही. दुकानातले सगळे वाद शेवटी विनापरवाना प्रवेशाच्या, म्हणजे ट्रेसपासच्या कायद्यावर येऊन थांबतात. मालकाने नको म्हटलं होतं का, ते त्या माणसाला कळलं होतं का, आणि कळूनही तो थांबला का, एवढंच पोलीस विचारतात.

टेक्सासमध्ये लाँग गन उघडी बाळगायला कधी परवाना लागलाच नाही. हँडगन उघडी बाळगण्याची मुभा परवानाधारकांना 1 जानेवारी 2016 पासून मिळाली आणि 1 सप्टेंबर 2021 पासून परवान्याची अटही गेली. एक अट मात्र राहिली: दिसणारी हँडगन होल्स्टरमध्येच, म्हणजे पिस्तुलाच्या म्यानातच हवी. पँटमध्ये नुसतं खोचलेलं पिस्तूल शर्टाखालून बाहेर डोकावत असेल तर ते कायद्यात बसत नाही. न्यू यॉर्क, न्यू जर्सी, इलिनॉय इथे उघडी हँडगन चालत नाही. कॅलिफोर्नियातली बंदी न्यायालयात अडकलेली आहे. फ्लोरिडातली जुनी बंदी सप्टेंबर 2025 मध्ये तिथल्या अपील न्यायालयाने रद्द केली, त्यामुळे ऑर्लँडोला राहणाऱ्या मावशीने दोन वर्षांपूर्वी सांगितलेलं आज लागू नाही. हवाईने 2023 मध्ये उलटंच केलं: मालकाने स्पष्ट 'हो' म्हटल्याशिवाय दुकानात बंदूक न्यायची नाही. त्यावरचं भांडण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. थोडक्यात, राज्य बदललं की सगळं पुन्हा वाचायचं, आणि ते राज्य सरकारच्या संकेतस्थळावर. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे नकाशे जुने असतात.

दुसरी पायरी: दार वाचा

अमेरिकेत दुकानाच्या दारावरच्या पाट्या आपण वाचत नाही, कारण त्या खूप असतात. बंदुकीची पाटी मात्र ओळखायला शिका.

टेक्सासमध्ये तिचे तीन प्रकार आहेत आणि ते दंडसंहितेच्या कलमांच्या नावानेच ओळखले जातात. 30.07 ची पाटी परवानाधारकाला उघडी हँडगन आणायला मनाई करते. 30.06 ची पाटी परवानाधारकाला लपवलेली आणायला मनाई करते. 30.05 ची पाटी परवाना नसलेल्यांसाठी. दारावर फक्त 30.07 दिसली तर अर्थ असा की आत कोणाकडे तरी लपवलेलं पिस्तूल असू शकतं आणि ते कायदेशीर आहे. बरीच मोठी दुकानं हाच मध्यममार्ग धरतात. दारू पिण्याच्या जागी, म्हणजे जिथे निम्म्याहून जास्त उत्पन्न तिथेच प्यायल्या जाणाऱ्या दारूतून येतं तिथे, लाल 51% ची पाटी असते. तिथे बंदूक अजिबात चालत नाही, मग मालकाची इच्छा काहीही असो.

इलिनॉयमध्ये ठरलेल्या नमुन्याची पाटी लागते: 4 बाय 6 इंच, पांढऱ्यावर काळं पिस्तूल, त्यावर लाल वर्तुळ आणि तिरकी रेघ.

जॉर्जियासारख्या राज्यात पाटी ही फक्त विनंती. ती ओलांडून आत आला म्हणून गुन्हा होत नाही, 'बाहेर जा' सांगितल्यावरही थांबला तर होतो. म्हणूनच एकाच साखळीच्या दुकानात ह्यूस्टनला एक अनुभव येतो आणि अटलांटाला दुसरा.

साखळी दुकानांचं धोरण ही आणखी वेगळी गोष्ट. 3 ऑगस्ट 2019 रोजी एल पासोच्या वॉलमार्टमध्ये गोळीबार झाला, 23 माणसं गेली. बरोबर महिन्याने, 3 सप्टेंबरला, वॉलमार्टने गिऱ्हाइकांना 'कृपया उघडी बंदूक आणू नका' असं सांगितलं. त्याच दिवशी क्रोगरने आणि मग त्याच आठवड्यात वॉलग्रीन्स, सीव्हीएस वगैरेंनी तेच केलं. स्टारबक्सने हे 2013 मध्येच सांगितलं होतं, टार्गेटने 2014 मध्ये. यातला 'कृपया' महत्त्वाचा. ही विनंती आहे, दारावरची कायदेशीर पाटी नव्हे. त्यामुळे वॉलमार्टमध्ये कमरेला पिस्तूल दिसलं तर तो माणूस दुकानाचं म्हणणं मोडतो आहे, कायदा मोडतो आहेच असं नाही. कॉस्टको मात्र पोलिसांखेरीज कोणालाच बंदूक आणू देत नाही.

तिसरी पायरी: बंदुकीकडे नाही, हाताकडे बघा

नवखा माणूस बंदूक बघून थिजतो. बघायचं असतं ते हात कुठे आहेत.

साधं दृश्य असं: पिस्तूल उजव्या नितंबाजवळ कडक प्लॅस्टिकच्या होल्स्टरमध्ये, वर पट्टी किंवा खटका बसलेला, माणसाचा एक हात ट्रॉलीवर, दुसऱ्या हातात टोमॅटो. पट्ट्यावर शेजारीच बिल्ला दिसला तर तो बहुधा साध्या कपड्यातला पोलीस. रायफल असेल तर ती पट्ट्याने पाठीवर, नळी जमिनीकडे, आणि हात तिला लागलेला नाही. हे दृश्य ओपन कॅरीच्या राज्यात कायदेशीर असतं आणि बहुतेकदा तितकंच कंटाळवाणंही.

आता बदल कशाने होतो ते बघा. हात मुठीवर ठेवलेला. पिस्तूल होल्स्टरच्या बाहेर. रायफल पुढे घेऊन दोन्ही हातात धरलेली, दस्ता खांद्याकडे येतोय, बोट ट्रिगरच्या कड्यात. नळी माणसांच्या पातळीवर. आवाज चढलेला, कोणाशी तरी वाद. खरेदीचं काहीच लक्षण नाही, नुसत्या फेऱ्या. यातलं काहीही दिसलं तर विचार करत बसू नका, निघा. कायद्याचीही रेषा साधारण इथेच आहे: टेक्सासमध्ये सार्वजनिक जागी लोक घाबरावेत अशा बेताने बंदूक दाखवणं गुन्हा आहे, आणि नॉर्थ कॅरोलायनात तर 'लोकांना दहशत बसेल असं सशस्त्र हिंडणं' हा जुन्या इंग्रजी परंपरेतून आलेला गुन्हा अजून जिवंत आहे.

एल पासोनंतर पाचच दिवसांनी मिसूरीतल्या स्प्रिंगफील्डच्या वॉलमार्टमध्ये 20 वर्षांचा एक तरुण चिलखती जाकीट घालून, रायफल आणि शंभरावर गोळ्या घेऊन, ट्रॉली ढकलत, मोबाइलवर चित्रण करत शिरला. दुकान माझा हक्क मानतं का ते बघायचं होतं, असं त्याने नंतर सांगितलं. व्यवस्थापकाने आगीचा भोंगा वाजवून लोकांना बाहेर काढलं, आणि बाहेर एका सुट्टीवरच्या अग्निशमन जवानाने पोलीस येईपर्यंत त्याला रोखून धरलं. मिसूरीत ओपन कॅरी कायदेशीर आहे, तरी त्याच्यावर गुन्हा दाखल झाला. बंदूक कायदेशीर असणं आणि वागणं कायदेशीर असणं या दोन गोष्टी आहेत.

तुम्ही काय करायचं नाही, ते:

- टक लावून बघू नका आणि जवळून चित्रण करू नका.
- 'हे लायसन्सचं आहे का' असं विचारायला जाऊ नका. अनेक राज्यांत लायसन्स लागतच नाही आणि तुम्हाला विचारण्याचा अधिकार तर कुठेच नाही.
- मुलांना 'बघ बघ' करून बोट दाखवायला लावू नका. हे सांगायची वेळ येते, म्हणून लिहिलं.
- अस्वस्थ वाटलं तर ट्रॉली तिथेच सोडून बाहेर पडा. दुधाची पिशवी फ्रिजबाहेर राहिली म्हणून कोणी रागावत नाही.

चौथी पायरी: कोणाला सांगायचं आणि काय

दृश्य साधं असेल पण दुकानाचं धोरण 'नको' असेल, तर काउंटरवरच्या पोराला नाही, व्यवस्थापकाला सांगा. पुढचं त्याचं काम.

हात, नळी, आवाज यांतलं काही बिघडलेलं दिसलं तर आधी बाहेर, मग 911, म्हणजे तिथला आणीबाणीचा फोन. बोलण्याचा क्रम असा ठेवा:

1. जागा. दुकानाचं नाव, रस्ता, कोणत्या दाराजवळ. फोन तुटला तरी एवढं पोहोचलेलं हवं.
2. माणूस. कपडे, रंग, टोपी, किती जण.
3. बंदूक कुठे आहे. होल्स्टरमध्ये, पाठीवर की हातात. हे एक वाक्य सगळ्यात महत्त्वाचं.
4. तो काय करतोय. चालतोय, ओरडतोय, रोखतोय.
5. तुम्ही कुठे आहात.

पलीकडून 'तो काही करतोय का' असं विचारतील. हा हलगर्जीपणा नाही. जिथे ओपन कॅरी कायदेशीर आहे तिथे नुसती बंदूक दिसली एवढ्यावर पोलिसांना कोणाला अडवता येत नाही, म्हणून ते वागणुकीबद्दल विचारतात. इंग्रजी अडखळत असेल तर भाषेचं नाव इंग्रजीत सांगा. मराठीचा दुभाषा लगेच मिळेलच असं नाही, हिंदीचा मिळण्याची शक्यता जास्त.

आणि बघितलं तेवढंच सांगा. 5 ऑगस्ट 2014 रोजी ओहायोतल्या बीव्हरक्रीकच्या वॉलमार्टमध्ये 22 वर्षांच्या एका कृष्णवर्णीय तरुणाने फळीवर खोक्याबाहेर पडलेली छऱ्यांची बंदूक उचलली आणि ती हातात घेऊन फोनवर बोलत तो फिरत राहिला. एका गिऱ्हाइकाने 911 ला फोन करून तो लोकांवर बंदूक रोखतोय असं सांगितलं. पोलीस आले आणि त्यांनी त्याला गोळी घातली. कॅमेऱ्यात दिसलेलं आणि फोनवर सांगितलेलं यांचा मेळ बसला नाही. ओहायो हे ओपन कॅरीचं राज्य होतं, म्हणजे बंदूक खरी असती तरी नुसती हातात असणं हा गुन्हा नव्हता. यातून आपल्यासाठी दोन गोष्टी निघतात. एक, फोनवर 'मला वाटतं' आणि 'मी बघितलं' वेगळं ठेवा. दुसरी, खेळण्याच्या विभागात मुलाने बंदूक मागितली तर ती खोक्यातच ट्रॉलीत ठेवा, छऱ्यांची तर नक्कीच. खेळण्यातल्या बंदुकीच्या टोकाला नारिंगी खूण असते, पण लांबून आणि घाईत ती कोणी बघत नाही. सावळ्या रंगाच्या माणसाने हे जरा जास्तच पाळावं.

पोलीस आत आले की मोबाइल खाली, हात मोकळे आणि दिसतील असे. खिशात हात घालू नका, पळत त्यांच्याकडे जाऊ नका. कोण कोण आहे हे त्यांना अजून माहीत नसतं.

दुकान तुमचं असेल तर

किराणा, गॅस स्टेशन, मिठाईचं दुकान, जे असेल ते. आधी ठरवा: काहीच नको, उघडी नको, की कशालाच हरकत नाही. अर्धवट ठरवलेलं धोरण सगळ्यात वाईट, कारण सकाळच्या पाळीचा माणूस हसून 'हाउ आर यू' म्हणतो आणि संध्याकाळचा पोलीस बोलावतो.

टेक्सासमध्ये 30.06 आणि 30.07 च्या पाट्यांवर कायद्यात दिलेला मजकूर जसाच्या तसा लागतो, इंग्रजी आणि स्पॅनिश दोन्हींत, ठळक सुट्या अक्षरांत, पार्श्वभूमीहून उठून दिसेल अशा रंगात, आणि अक्षराची उंची किमान 1 इंच. एवढा मजकूर एक-एक इंचाच्या अक्षरांत लिहिला की पाटी मोठ्या पोस्टरएवढी होते. म्हणून लोक ती आखूड करतात, आणि तिथेच फसतात. नेहमी होणाऱ्या चुका अशा: इंटरनेटवरून छापलेलं पिस्तुलावर काट मारलेलं चित्र, जे टेक्सासमध्ये या कलमांना पुरत नाही. फक्त इंग्रजी. दोन दारं आणि पाटी एकाच दारावर. सरकत्या दारावर लावलेली पाटी, जी दार उघडलं की दुसऱ्या काचेमागे जाते. आणि आपली खास चूक: दिवाळी सेलचं पोस्टर नेमकं पाटीवर चिकटवणं. पाटी झाकली की सूचना दिली गेलीच नाही, असा युक्तिवाद होतो.

पाटी बघूनही आत आला तर टेक्सासमध्ये दंड 200 डॉलरपर्यंत. तोंडी सांगितल्यावरही बाहेर गेला नाही तर तोच गुन्हा वरच्या वर्गात जातो: एक वर्षापर्यंत कैद, 4000 डॉलरपर्यंत दंड. म्हणजे पाटीपेक्षा तोंडी सांगणं जड आहे. मजकूर छापलेलं कार्ड हातात दिलं तरी ती लेखी सूचना धरली जाते. अशी चार कार्डं गल्ल्यात ठेवून द्या.

मिनेसोटाचा कायदा तर फूटपट्टी घेऊन बसलेला आहे. 'अमुक दुकान बॅन्स गन्स इन धीज प्रिमायसेस' हेच शब्द, एरियल टाइप, दीड इंचाची काळी अक्षरं, उजळ पार्श्वभूमी किमान 187 चौरस इंच (म्हणजे 11 बाय 17 चा कागद), दारापासून 4 फुटांच्या आत, पाटीची खालची कड जमिनीपासून 4 ते 6 फुटांवर. एवढं करून सांगितल्यावरही न गेलेल्याला पहिल्या वेळी दंड जास्तीत जास्त 25 डॉलर! फ्लोरिडात उलट, सशस्त्र ट्रेसपास हा 5 वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा ठरू शकतो.

गिऱ्हाइकाला सांगायचं कसं? काउंटरच्या मागून, हात दिसतील असे ठेवून, एकदाच आणि सरळ: 'सर, वी डोन्ट अलाउ ओपन कॅरी इन द स्टोअर. प्लीज लीव्ह इट इन युअर कार, यू आर वेलकम बॅक.' 'यू आर वेलकम बॅक' गाळू नका. बहुतेक जण 'नो प्रॉब्लेम' म्हणून गाडीत ठेवून परत येतात आणि कोल्ड्रिंक घेऊनच जातात. नाही म्हणाला तर दुसऱ्यांदा: 'आय ॲम आस्किंग यू टू लीव्ह.' वेळ लिहून ठेवा, सोबत एक साक्षीदार असू द्या, आणि तिसऱ्यांदा तुम्ही नाही, पोलीस बोलतील. बंदुकीला हात लावायचा नाही, वाट अडवायची नाही, चित्रण करणाऱ्याशी घटनेवर वाद घालायचा नाही. काही जण नेमका त्या वादासाठीच येतात आणि तुमचं वाक्य त्यांना हवं असतं.

व्हिसा: इथे चूक महाग पडते

दुसऱ्याच्या कमरेचं पिस्तूल बघून 'आपणही घ्यावं का' हा प्रश्न पडतोच. एच-1बी, एल-1, एच-4, एफ-1, जे-1, बी-2 अशा बिगर-स्थलांतरित व्हिसावर आलेल्या माणसाला बंदूकच काय, एक गोळीही बाळगायला संघराज्याचा कायदा मनाई करतो. राज्य कितीही मोकळं असलं तरी. शिक्षा 15 वर्षांपर्यंत. राज्याचा वैध शिकार परवाना असेल तर अपवाद आहे, पण त्यावर विसंबण्याआधी वकिलाला विचारा, मित्राला नाही.

'बाळगणं' या शब्दात विकत घेणं लागत नाही. गोळीबाराच्या रेंजवर भाड्याने घेऊन हातात धरलेली बंदूकही त्यात येते. सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये निकाल दिलेला रेहाईफ खटला याच प्रकारचा: फ्लोरिडात विद्यार्थी व्हिसावर आलेल्या आणि कॉलेजमधून काढल्यामुळे हक्क संपलेल्या तरुणाने रेंजवर गोळ्या झाडल्या. आपला दर्जा संपला आहे हे आरोपीला माहीत होतं हे सरकारने सिद्ध करायला हवं, असं न्यायालय म्हणालं. तिथवर पोहोचेपर्यंत त्याला शिक्षा झालेली होती. म्हणून सहा महिन्यांसाठी आलेल्या आई-बाबांना 'गंमत म्हणून' रेंजवर नेऊन फोटो काढणं सोडा.

नातेवाइकाच्या गॅस स्टेशनवर किंवा मोटेलवर गल्ल्याखाली पिस्तूल ठेवलेलं असतं. मालक नागरिक असेल तर त्याच्यासाठी ते ठीक. पण तिथे बसणारा भाचा व्हिसावर असेल आणि ते पिस्तूल त्याच्या हाताशी, त्याच्या ताब्यात असेल, तर हात न लावताही 'बाळगलं' असा आरोप होऊ शकतो. ते कुलपात, आणि किल्ली दुसऱ्याकडे.

ग्रीन कार्ड असेल तर बंदूक घेता येते. दुकानात 4473 क्रमांकाचा फॉर्म भरावा लागतो आणि त्यात खोटं उत्तर देणं हाच स्वतंत्र गुन्हा आहे. पण नागरिक होईपर्यंत एक टांगती तलवार राहते: बंदुकीच्या कोणत्याही गुन्ह्यात दोषी ठरलात तर ग्रीन कार्ड असूनही देशाबाहेर काढता येतं. पाटी नीट न वाचता आत शिरलो, हे नागरिकाला दोनशे डॉलरला पडतं. तुम्ही त्याच प्रकरणात गुन्हा कबूल करण्याआधी इमिग्रेशनच्या वकिलाला फोन करा, फौजदारी वकिलाने 'भरून टाका, संपलं' म्हटलं तरी.

आणि ग्रीन कार्डवाल्यांनी रेंजवर नेलेली सॅक भारतात नेऊ नये. अस्तराच्या घडीत किंवा बाजूच्या खिशात राहिलेलं एक जिवंत काडतूस मुंबईच्या विमानतळावरच्या क्ष-किरण यंत्रात स्पष्ट दिसतं, आणि तिथून पुढे शस्त्र कायद्याखाली पोलीस ठाणं लागतं. रेंजची सॅक वेगळी ठेवा, आणि तीच न्यावी लागली तर सगळे खिसे उलटे करून, अस्तर बोटांनी चाचपून मगच भरा.